अरुंधती कोठें आहे?

गेल्या वैशाखांत आमच्या नातीचें लग्न झालें. मुहूर्त दुपारचा होता. सप्तपदी आटोपल्यावर उपाध्यायांनीं वधूस उत्तरेकडे तोंड करावयास लावून ध्रुव व अरुंधती पाहण्यास सांगितलें. तिनें मंगलकार्यालयाच्या छताकडे पाहून "पाहिली" असें उत्तर दिलें. छतास त्या बाजूला विजेच्या दोन नळ्या व एक पंखा होता. मांडवपरतणीस आली तेव्हां पाया पडून हळूच म्हणाली, "आजोबा, त्या दिवशीं मी अग्नीसमक्ष खोटें बोललें. खरी अरुंधती कोठें असते, तें तरी दाखवा."

मूळ विधि रात्रीचा आहे. जिचा पति व मुलें हयात आहेत अशा वृद्ध ब्राह्मणीच्या घरीं वधूनें ती रात्र राहावें, आणि ध्रुव, अरुंधती व सप्तर्षि यांचें दर्शन झाल्यावरच मौन सोडावें, असें आश्वलायन गृह्यसूत्र सांगतें. म्हणजे तारा दिसल्याखेरीज नव्या सुनेच्या तोंडून शब्द निघत नसे. आतां शब्द निघतो; तारा तेवढी राहून गेली.

तिचें स्थान सांगण्यास सोपें आहे. सप्तर्षींच्या चौकोनाचे चार तारे सोडले म्हणजे शेपटीकडे तीन उरतात. त्यांतील मधला वसिष्ठ, आणि त्याच्या अगदीं लगत, अंग चोरून बसल्यासारखी जी बारीक तारका, ती अरुंधती. वसिष्ठ दुसऱ्या प्रतीचा आहे, ही चौथ्या प्रतीची. आधीं ठळक तारा दाखवावा व मग त्याच्या आधारानें सूक्ष्म तारेकडे दृष्टि न्यावी, या रीतीवरून आपल्या शास्त्रकारांनीं 'स्थूलारुंधतीन्याय' काढला. अरब लोक याच जोडीवर डोळ्यांची परीक्षा घेत. दुर्बिणीनें पाहतां वसिष्ठ एक नव्हे, असें सतराव्या शतकांत कळलें. आज तो चार ताऱ्यांचा समूह मानतात. अरुंधतीसही एक मंद सोबतीण आहे, हें २००९ सालीं उघडकीस आलें. तेथून निघालेला प्रकाश आपणांपर्यंत पोंचण्यास सुमारें ८० वर्षें लागतात.

परंतु सात ऋषींपैकीं एकाचीच पत्नी आकाशांत पतीशेजारीं कां? याचें उत्तर महाभारताच्या वनपर्वांत आहे, आणि तें सुखाचें नाहीं. अग्नि ऋषिपत्नींवर लुब्ध झाला. अग्नीवर अनुरक्त असलेल्या स्वाहेनें एकेका ऋषिपत्नीचें रूप घेऊन त्याची भेट घेतली. सहा रूपें तिला साधलीं. अरुंधतीचें मात्र तिच्या तपःप्रभावामुळें साधलें नाहीं. पुढें स्कंद जन्मला, व तो या सहाजणींचा पुत्र अशी कुजबूज सुरू झाली. विश्वामित्रास खरा प्रकार ठाऊक होता. या स्त्रियांचा अपराध नाहीं, असें त्यानें ऋषींस स्पष्ट सांगितलें. तें ऐकूनही ऋषींनीं त्यांचा त्याग केला. त्या सहाजणी स्कंदाकडे आल्या. त्यानें त्यांस माता मानलें, आणि त्याच कृत्तिका होऊन आकाशांत राहिल्या.

आम्हीं शाळेंत ही कथा पुष्कळ वर्षें सांगितली. 'लोकापवादामुळें' एवढ्या एका शब्दावर सहाजणींचा निकाल लावून आम्ही पुढें जात असूं. विश्वामित्राची साक्ष दरवर्षीं वगळीत होतों. वर्गांतील एकाही मुलीनें ती विचारली नाहीं. ती पोथींत आहे हेंच त्यांस कळलें नव्हतें.

स्त्रियांनीं कार्तिकस्वामीचें दर्शन एरव्हीं घेऊं नये, कार्तिकी पौर्णिमेस कृत्तिका नक्षत्र असेल तेवढ्या वेळांत घ्यावें, अशी आपल्याकडे रूढि आहे. पुण्यास पर्वतीवर कार्तिकस्वामीच्या दर्शनास त्या दिवशीं स्त्रिया जातात. ज्यानें टाकलेल्या सहा स्त्रियांस आई म्हटलें त्याच्याच दाराशीं स्त्रियांस मज्जाव, आणि तो उठतो कधीं, तर चंद्र त्या सहाजणींपाशीं आला म्हणजे! मज्जाव कोणी घातला असेल तो असो. त्याला हा अपवाद जोडणाऱ्यास मात्र वनपर्वांतील कथा चांगली ठाऊक असावी.

याहून जुनी हकीकत शतपथ ब्राह्मणांत आहे. सप्तर्षींस पूर्वीं ऋक्ष, म्हणजे अस्वलें, म्हणत (ग्रीकांनींही तेथें अस्वलच पाहिलें, हें मोठें नवल). कृत्तिका या त्यांच्या पत्नी. पण ते उत्तरेस उगवतात व या पूर्वेस, म्हणून त्यांचा वियोग झाला. येथें आळ नाहीं, कुजबूज नाहीं. केवळ दिशांचें अंतर आहे. आळ मागाहून आला. कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहींत, असेंही त्याच ठिकाणीं म्हटलें आहे. 'भारतीय ज्योतिषशास्त्र' या १८९६ सालच्या ग्रंथाचे कर्ते कै. शंकर बाळकृष्ण दीक्षित यांनीं या वाक्यावरून गणित करून तो काळ इसवी सनापूर्वीं सुमारें ३००० वर्षांचा ठरविला. विद्वानांत त्याविषयीं अजून वाद आहे. आज अयनचलनामुळें कृत्तिका आमच्या नगर प्रांतीं पूर्वबिंदूच्या उत्तरेस सुमारें २५ अंशांवर उगवतात.

तैत्तिरीय ब्राह्मणांत त्या सहा नसून सात आहेत. अंबा, दुला, नितत्नि, अभ्रयंती, मेघयंती, वर्षयंती व चुपुणीका अशीं त्यांचीं नांवें असून तिघींच्या नांवांतच ढग व पाऊस आहे. ग्रीक लोकांतही अ‍ॅटलासच्या सात कन्या, मृगनक्षत्राचा शिकारी ओरायन त्यांच्या पाठीस लागलेला, आणि डोळ्यांस दिसतात त्या सहा. सातवी मेरोपी, मर्त्य मनुष्याशीं विवाह केला म्हणून लाजेनें तोंड लपवून बसली, असें ते सांगत. ऑस्ट्रेलियांतील मूळच्या रहिवाशांतही सात बहिणी व त्यांच्यामागें धांवणारा पुरुष आहे. सातवी हरवल्याचें दुःख पुष्कळांनीं गायिलें. आपल्या पुराणकारांनीं मात्र तिचा पत्ता लावून ठेविला आहे: सातवी हरवली नाहीं, ती उत्तरेस वसिष्ठाजवळ आहे.

या सर्वांची धनीण रात्रिदेवी. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलांतील १२७ वें सूक्त तिचें आहे, आणि सप्तशतीच्या पाठापूर्वीं तें पुष्कळ घरीं म्हटलें जातें. पण म्हणणाऱ्यांपैकीं किती जणांच्या ध्यानांत येतें कोण जाणे, कीं ही रात्र काळोखाची देवता नव्हे. ती पुष्कळ डोळ्यांची आहे, आणि आपल्या तेजानें काळोखास हांकून लावते. अथर्ववेदाच्या एकोणिसाव्या कांडांत तर तिचे पहारेकरी मोजले आहेत: नव्याण्णव, अठ्ठ्याऐंशीं, सत्याहत्तर, असे अकरा अकरांनीं उतरत शेवटीं अकरा. मिसर देशांतील नूत नांवाची आकाशदेवी पृथ्वीवर कमानीसारखी वांकून उभी असते. ती संध्याकाळीं सूर्यास गिळते व सकाळीं प्रसवते. शवपेटिकेच्या झांकणास आंतून तिचें चित्र काढीत, म्हणजे मृताच्या डोळ्यांपुढें तीच राही. होमराची निक्स म्हणजेही रात्रच. देवराज झ्यूससुद्धां तिला दुखवावयास भीत असे. परंतु चोर-लांडग्यांपासून राख, म्हणून मुलानें आईस विनवावें तसें रात्रीस विनविणें, हें वैदिक ऋषींचें.

त्या देवीचे डोळे आमच्या नागापुरांत आतां मिटले आहेत. औद्योगिक वसाहतीचे व मनमाड रस्त्यावरचे दिवे रात्रभर जळतात. हें नागापुराचेंच दुखणें नव्हे. जगांतील एकतृतीयांश लोकांस घरून आकाशगंगा दिसत नाहीं, असें २०१६ सालच्या एका जागतिक नकाशांत दाखविलें आहे. महाराष्ट्रांत पेंचच्या व्याघ्रप्रकल्पास जानेवारी २०२४ मध्यें काळोख्या आकाशाचें उद्यान म्हणून मान्यता मिळाली. काळोख राखून ठेवण्याची वेळ येईल, हें आमच्या वडिलांस सांगितलें असतें तर ते हंसले असते.

नातीस घेऊन आम्ही गच्चीवर गेलों. सप्तर्षि उत्तरेस चांगले वर आलेले होते, पण सातांपैकीं आम्हांस पांचच दिसले. अरुंधती नाहींच. सुश्रुतानें सूत्रस्थानांत म्हटलें आहे कीं, ज्यास अरुंधतीदेवी, ध्रुव व आकाशगंगा दिसत नाहीं, त्याचें आयुष्य सरलें असें समजावें. त्या हिशेबानें सारें नागापूर गतायुष ठरतें! परंतु आमच्या मनांत निराळीच शंका होती: दोष दिव्यांचा कीं आमच्या डोळ्यांचा?

दुसऱ्या रात्रीं नातजांवयांनीं मोटार काढली व डोंगरगणाकडील माळावर आम्हांस नेलें. दिवे मालवून आम्ही पंधरा-वीस मिनिटें स्वस्थ बसलों. डोळ्यांस काळोखाची संवय होण्यास तेवढा वेळ लागतोच. नात म्हणाली, "दिसली, आजोबा! केवढीशी आहे!" जांवयांसही दिसली. आम्हांस वसिष्ठ तेवढा दिसत होता. मग तिनेंच आमचा हात धरून सांगितलें, "नेमकें तिच्याकडे पाहूं नका. जरा बाजूला पाहा." मंद तारा डोळ्याच्या कडेनें अधिक चांगला दिसतो, हें आम्हीं पूर्वीं मुलांस शिकविलें होतें व साफ विसरलों होतों. वसिष्ठाच्या किंचित् डावीकडे दृष्टि ठेविली, आणि एक बारीक कण क्षणभर लुकलुकला. सरळ पाहावयास गेलों तों नाहींसा झाला. पुन्हां बाजूला पाहिलें, पुन्हां आला.

"आणि त्या सहाजणी?" तिनें विचारलें. त्या दिवसांत कृत्तिका सूर्याजवळ असतात, दिसत नाहींत. आम्हीं तिला सांगितलें, "दिवाळसणास याल तेव्हां रात्रीं नऊच्या सुमारास पूर्वेस दाखवूं. आणि त्यांची गोष्टही सांगूं. या खेपेस विश्वामित्रासुद्धां."