कुंपण आणि शेत

धाराशिव जिल्ह्यातील शेतकरी सोयाबीनच्या पेऱ्यात मधूनमधून तुरीचे तास का धरतो, हे आमच्या वाचकांस सांगावयास नको. पावसाने दगा देऊन सोयाबीन हातचे गेले, तरी खोल मुळांची तूर तग धरते व वर्ष अगदीच रिकामे जात नाही. हाच धोरणीपणा अमेरिकेतील धनिकांच्या व्यवहारात 'हेज फंड' या नावाने प्रसिद्ध आहे. 'हेज' म्हणजे कुंपण. असा एक फंड स्थापन करणारे नागपूरचे सुपुत्र श्री. विक्रम पंडित यांचे चरित्र म्हणूनच मननीय वाटते.

ही युक्ती प्रथम योजिली ती आल्फ्रेड विन्स्लो जोन्स या गृहस्थाने, १९४९ साली. त्याचे भांडवल एक लाख डॉलर. पैकी चाळीस हजार त्याचे स्वतःचे. जे शेअर चढतील असे वाटे, ते तो विकत घेई. जे उतरतील असे वाटे, ते उसने घेऊन विकी व भाव पडल्यावर स्वस्तात घेऊन परत करी. त्यामुळे सारा बाजार कोसळला तरी एका बाजूचा तोटा दुसऱ्या बाजूने भरून निघावा, अशी योजना होती. पुढे चालकाने नफ्याचा पाचवा हिस्सा घ्यावा, असा प्रघात पडला.

श्री. पंडित यांचा जन्म १९५७ साली नागपूर येथे एका मराठी घराण्यात झाला. मुंबईत दादर येथे शिक्षण घेऊन वयाच्या सोळाव्या वर्षी ते अमेरिकेस गेले. कोलंबिया विद्यापीठात विद्युत्-अभियांत्रिकीच्या दोन पदव्या मिळविल्यावर त्यांचे मन अर्थशास्त्राकडे वळले, व १९८६ साली वित्तविषयात त्यांस डॉक्टरेट मिळाली. तत्पूर्वीच, १९८३ साली, ते मॉर्गन स्टॅन्ली या पेढीत शिरले होते. तेथे बावीस वर्षे चढत जाऊन २००५ साली त्यांनी ती सोडली, आणि २००६ साली काही सहकाऱ्यांसह 'ओल्ड लेन' हा फंड उभारला.

पुढील वर्षीच सिटीग्रुप या बलाढ्य बँकेने हा फंड ऐंशी कोटींहून अधिक डॉलर देऊन विकत घेतला. विक्रीतून मिळालेल्या रकमेचा मोठा भाग पंडितांनी त्याच फंडात पुन्हा गुंतविला, हे न्यायाने सांगितले पाहिजे. डिसेंबर २००७ मध्ये ते त्या बँकेचे मुख्याधिकारी झाले. परंतु २००८ च्या आरंभीच फंडाच्या किमतीपैकी वीस कोटींहून अधिक डॉलर बँकेस बुडीत लिहावे लागले. गुंतवणूकदार आपले पैसे मागू लागले, आणि जूनमध्ये फंड बंद करण्याचे ठरले. त्याच वर्षी हिंदुस्थान सरकारने त्यांस पद्मभूषण दिले होते!

इतक्यात बँकच बुडू लागली. अमेरिकन सरकारने पंचेचाळीस अब्ज डॉलर ओतून ती सावरली. बँक नफ्यात येईपर्यंत वर्षास एकच डॉलर वेतन घेईन, असे २००९ साली पंडितांनी अमेरिकेच्या लोकसभेपुढे सांगितले व ते पाळले. २०१० साली बँक नफ्यात आली, व त्या वर्षअखेर सरकारने आपले शेवटचे शेअर नफ्याने विकले. पुढे त्यांचे दीड कोटी डॉलरच्या घरातील वेतन भागधारकांनी २०१२ साली बहुमताने नापसंत केले, आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात त्यांनी पद सोडले.

संकटात नाव न सोडणारा कर्णधार म्हणून पंडितांस श्रेय देण्यास आम्ही कचरणार नाही. परंतु त्यांच्या फंडाकरिता दिलेली भारी किंमत बुडाली ती भागधारकांची, हेही विसरता येत नाही. कुंपणाने शेत खाल्ल्याच्या गोष्टी आपण ऐकतो. येथे कुंपणच शेताइतके महाग पडले. शिवाय सार्वत्रिक दुष्काळात तूरही वाळते, हे मराठवाड्यास कोणी शिकवावयास नको.

एकत्र कुटुंबातील शिल्लक ज्या कर्त्याच्या हाती असते, त्याने परक्याच्या स्वाधीन पैसा करण्यापूर्वी जोन्सचे ते चाळीस हजार आठवावेत. चालकाचे स्वतःचे किती गुंतले आहे, राखणीची मजुरी किती, आणि मागितल्या दिवशी पैसा परत मिळेल काय, हे तीन प्रश्न विचारण्यास मोठ्या नावाची भीड बाळगू नये. नाव पंडितांचे असो वा शेजारच्या पतपेढीचे, हिशेब घरच्याच वहीत मांडावा.