पाय गेला, दाखला आला. भरपाईचा हिशेब कसा होतो?

सरकारी दवाखान्यातून दाखला हाती येतो. त्यावर लिहिलेले असते, ‘कायमचे अपंगत्व ६० टक्के’. घरच्यांना वाटते, आता कोर्ट या साठ टक्क्यांवरच पैसे देणार. विमा कंपनीचा माणूसही तेच सांगतो. इथेच आपले गोरगरीब लोक फसतात.

जालना जिल्ह्यात रस्त्यावरच्या अपघाताची धास्ती कोणाला नाही? दिवाळीच्या आगेमागे मंठा, परतूर, घनसावंगी, अंबड तालुक्यांतून ऊसतोडीच्या टोळ्या ट्रॅक्टर-ट्रॉलीत बसून निघतात. जालना शहरातले लोखंडाच्या कारखान्यांतले कामगार रात्रपाळी संपवून सायकलीवर, मोटारसायकलीवर घरी येतात. हात-पाय हेच ज्यांचे भांडवल, त्यांचा पाय गुडघ्याखाली तुटला तर उरते काय?

दाखल्यावरचे टक्के शरीराचे असतात. भरपाई ठरवताना कमाईची ताकद किती गेली हे पाहायचे असते. सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली राजकुमार विरुद्ध अजयकुमार या खटल्यात हे स्वच्छ सांगितले. डावा हात गेलेला कारकून खुर्चीवर बसून काम करू शकेल. ड्रायव्हर किंवा सुतार असेल तर त्याचा धंदाच बसला. पुढे २०१२ मध्ये एका हातगाडी ओढणाऱ्याचा पाय गेल्याचे प्रकरण आले. बसून दुसरे काही करता येईल असे म्हणून न्यायाधिकरणाने त्याचे नुकसान पन्नास टक्के धरले होते. सर्वोच्च न्यायालयाने ते नव्वद टक्के केले. २०१४ मध्ये पाय गमावलेल्या एका भाजीविक्रेत्याला पंच्याऐंशी टक्के धरून भरपाई मिळाली. त्याच्याकडे उत्पन्नाचा कागद नव्हता, तरी महिना ६,५०० रुपये कमाई मानली गेली.

आता आकडे मांडून पाहू. समजा बत्तीस वर्षांचा हमाल आहे, कमाई महिना १२,००० रुपये. चाळिशीच्या आत असल्याने भावी वाढीचे चाळीस टक्के मिळवले की १६,८०० होतात. वर्षाचे २,०१,६००. या वयाचा गुणक १६, म्हणजे ३२,२५,६००. याचे साठ टक्के १९,३५,३६० आणि नव्वद टक्के २९,०३,०४०. फरक जवळजवळ पावणेदहा लाखांचा! एवढा फरक केवळ ‘हा माणूस काय काम करीत होता’ या एका प्रश्नावर पडतो. औषधपाणी, कृत्रिम पाय, सेवेला लागणारे माणूस, सोसलेल्या वेदना यांचे पैसे वेगळे.

म्हणून कामाचा पुरावा सांभाळावा. मुकादमाच्या उचलीची नोंद, हजेरीकार्ड, बँकेचे पासबुक, काहीच नसेल तर सोबत काम करणाऱ्याची साक्ष. दाखला देणाऱ्या किंवा उपचार करणाऱ्या डॉक्टरांची साक्ष होणे फार महत्त्वाचे आहे. नुसता कागद जोडून भागत नाही.

अपघात कोल्हापूर-सांगलीकडे झाला म्हणून तिकडे खेटे घालण्याचे कारण नाही. राहत्या जिल्ह्यातही दावा दाखल करता येतो. मात्र १ एप्रिल २०२२ पासून सहा महिन्यांची मुदत लागू झाली आहे. या तरतुदीला आव्हान दिले गेले आहे, पण त्या भरवशावर घरी बसू नये. आणखी एक सावधगिरी. कलम १६४ खाली कोणाची चूक ते सिद्ध न करता गंभीर जखमीला अडीच लाख रुपये मिळतात. ते स्वीकारले की मोठा दावा संपतो. दवाखान्यात पडलेल्या माणसाची सही घ्यायला कोणी आले तर आधी कागद वाचून घ्यावा. ट्रॉलीत बसलेल्या मजुरांच्या बाबतीत विमा कंपनी हटकून हरकत घेते. तेव्हा दाव्यात मालकाचेही नाव असलेच पाहिजे.

बाबासाहेबांनाही असा अपघात सोसावा लागला होता. ऑक्टोबर १९२९ मध्ये चाळीसगावला सवर्ण टांगेवाल्यांनी अस्पृश्याला नेण्यास नकार दिला. पाहुण्याचा मान राहावा म्हणून आपल्याच वस्तीतल्या, टांगा हाकण्याची सवय नसलेल्या माणसाने लगाम धरला. पुलावर टांगा उलटला आणि बाबासाहेबांचा पाय मोडला. दोष त्या बिचाऱ्या हाकणाऱ्याचा की नकार देणाऱ्यांचा? कोर्टात ‘चूक कोणाची’ हा प्रश्न निघतो तेव्हा ही गोष्ट हटकून आठवते.

वकिलाच्या फीची भीती पुष्कळांना असते. भरपाईतले टक्के मागणे वकिलांच्या व्यावसायिक नियमांत बसतच नाही. शिवाय १९८७ च्या विधी सेवा कायद्याप्रमाणे अनुसूचित जातीच्या व्यक्तीला, स्त्रीला आणि अपंगाला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. १९९० च्या दुरुस्तीनंतर बौद्धांनाही अनुसूचित जातीच्या सवलती लागू आहेत. जातीचा दाखला घेऊन जिल्हा न्यायालयातील विधी सेवा प्राधिकरणाच्या कचेरीत जावे, किंवा १५१०० या क्रमांकावर फोन करावा.

लोकअदालतीत तडजोड लवकर होते हे खरे. पण तिथे सही झाली की अपील नाही. वर दाखवला तसा हिशेब कागदावर मांडून, घरातल्या बाईला शेजारी बसवूनच ‘हो’ म्हणावे. पुढची वर्षे घर तिलाच चालवायचे असते. मंजूर रकमेतला मोठा भाग न्यायाधिकरण बहुधा बँकेत मुदत ठेवीत ठेवायला लावते. उपचारासाठी किंवा मुलांच्या शिक्षणासाठी तो मोडायचा असल्यास त्याच न्यायाधिकरणाकडे अर्ज करता येतो.