कट्टर विचारांचं मूल घरी राहायला आलं तर काय कराल? समजून घ्या

जुन्नर/आंबेगाव : शहरातला भाचा नारायणगावला किंवा मंचरला मामाकडे शिकायला येतो आणि पहिल्याच आठवड्यात म्हणतो, ‘शेजारच्यांकडचं मी खाणार नाही, ते आपले शत्रू आहेत.’ कुणी रागावतं, कुणी मोबाइल काढून घेतं. पण एवढ्याने प्रश्न सुटतो का?

पुण्यात काय घडलं होतं?
डिसेंबर 2015 मध्ये पुण्यातली 16 वर्षांची विद्यार्थिनी इंटरनेटवरून आयसिसच्या संपर्कात असल्याचं एटीएसला आढळलं. तिला अटक न करता कुटुंब आणि धर्मगुरूंच्या मदतीने समुपदेशन करण्यात आलं. मात्र 2020 मध्ये एनआयएने तिला दुसऱ्या प्रकरणात अटक केली. एकदा समजावलं की काम संपलं, असं होत नाही. कट्टरता कोणत्याही धर्माची असो वा जातीची, ती उतरायला वेळ लागतो. समुपदेशन तासाभराचं असतं, बाकीचा दिवस मूल घरात असतं.

घरात काय करावं?
• वाद घालून हरवू नका. ‘हे कुणी सांगितलं? तू स्वतः पाहिलंस का?’ असं विचारा आणि उत्तर पूर्ण ऐका.
• त्याच्या आईवडिलांना किंवा धर्माला नावं ठेवू नका. मूल आणखी घट्ट होतं.
• अशा गटात मुलाला आधी ‘आपली माणसं’ मिळतात, विचार नंतर येतो. नुसता मोबाइल काढला, तर ते एकटं पडतं. मैदान, मित्र, शेतातलं काम यांत त्याला सामावून घ्या.
• त्याला शिवनेरीवर न्या. एकाच किल्ल्यावर शिवाई देवीचं मंदिर, बौद्ध लेणी आणि मशीद आहे. भाषण देऊ नका, नुसतं पाहू द्या.

मदत कुठे मिळेल?
मुलांसाठी 1098, मानसिक आरोग्यासाठी टेलिमानस 14416. घर सोडून जाण्याची तयारी किंवा शस्त्राची भाषा दिसली, तर 112 वर कळवा. मूल नात्यातलं नसेल, तर आधी बालकल्याण समितीशी बोला.

कायदा काय सांगतो?
बाल न्याय कायदा 2015 च्या कलम 83 नुसार, सशस्त्र गटाने मुलांची भरती केली किंवा त्यांना वापरलं, तर 7 वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि 5 लाख रुपये दंड आहे. म्हणजे गुन्हेगार मुलाला वापरणारा आहे. घरातल्यांनीही मुलाकडे त्याच नजरेने पाहायला हवं.

बदल हळूहळू दिसतो. शेजारच्या घरून आलेली खिरीची वाटी त्याने मुकाट्याने संपवली, तर लगेच कौतुक करू नका. वाटी परत द्यायला मात्र त्यालाच पाठवा.