हप्ता नको, एकूण रक्कम विचारा

१२ जानेवारी २०२४ रोजी अटल सेतूचे उद्घाटन झाले, त्याच दिवशी उरणपर्यंतची लोकलही सुरू झाली. द्रोणागिरी परिसरात घर पाहणारे आपले तरुण आम्हाला एकच विचारतात, "हप्ता किती बसेल?" हा प्रश्न अपुरा आहे.

समजा, ३० लाखांचे कर्ज, ८.५ टक्के व्याज, २० वर्षे मुदत. हप्ता येतो सुमारे २६,०३५ रुपये. पहिल्या हप्त्यातले २१,२५० रुपये व्याजातच जातात. मुद्दल फिटते फक्त ४,७८५. शेवटी भरतो जवळपास ६२.५ लाख. मुदत ३० वर्षे केली तर हप्ता तीन हजारांनी कमी होतो, पण एकूण परतफेड ८३ लाखांवर जाते. महिन्याच्या त्या सवलतीची किंमत २० लाखांहून अधिक!

त्यात व्याजदर बदलता असतो. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ मध्ये रेपो दर ४ वरून ६.५ टक्के झाला. हप्ता तोच राहिला, पण अनेकांची मुदत गुपचूप वाढली.

उपाय आहे. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर बँक मुदतपूर्व परतफेडीचा दंड घेऊ शकत नाही. दरवर्षी एक हप्ता जादा भरला, तर वरचे २० वर्षांचे कर्ज तीन वर्षांहून जास्त आधी फिटते.

तथागतांनी अनाथपिंडिकाला गृहस्थाची चार सुखे सांगितली. त्यातले एक अनणसुख, म्हणजे कर्ज नसण्याचे सुख. आपल्या माणसाने हक्काचे घर घ्यावेच. पण सही करण्याआधी बँकेकडून परतफेडीचा पूर्ण तक्ता मागून घ्यावा आणि घरच्यांसोबत बसून वाचावा.

जयभीम!