अर्जावरची सही आणि सात-बाऱ्यावरचा बोजा



वजनकाट्यावर दहा किलोचा फरक पडला तर आपण गाडी तिथंच उभी करून जाब विचारतो. ते बरोबरच आहे. घामाचं माप खरं पाहिजे. पण तोच सभासद सरकारी योजनेचा अर्ज भरताना मात्र म्हणतो, “घाल की कायतरी, कोण बघतंय?” आता बघणारे पुष्कळ झाले आहेत, म्हणून हे चार शब्द लिहीत आहोत.

मिळालेला लाभ परत फिरतो, हे कोल्हापूरकराला नव्याने सांगायला नको. सन २००८ च्या केंद्राच्या कर्जमाफीत आपल्या जिल्ह्यात माफ झालेल्या रकमेपैकी सुमारे ११२ कोटी रुपये पुढे ‘अपात्र’ ठरवले गेले आणि वाद न्यायालयात गेला. त्यात शेतकरी खोटं बोलला असा प्रश्न नव्हता. वाद होता तो कर्जाच्या कमाल मर्यादेचा. तरीही माफ झालेलं कर्ज पुन्हा डोक्यावर आलं. खरं सांगणाऱ्याची ही गत, तर खोटं लिहिणाऱ्याची काय होईल, याचा विचार ज्याने त्याने करावा.

प्रधानमंत्री किसान सन्मान निधीचंच बघा. वर्षाला सहा हजार, दोन-दोन हजारांचे तीन हप्ते. जुलै २०२१ मध्ये केंद्र सरकारने संसदेत सांगितलं की, देशात ४२ लाखांवर अपात्र लोकांच्या खात्यात सुमारे २,९९२ कोटी रुपये गेले. त्यात आपल्या महाराष्ट्रातले साडेचार लाखांच्या आसपास, रक्कम ३५८ कोटी. मग तहसीलदारांच्या नोटिसा गावोगाव आल्या.

हे लोक सापडले कसे? कुणी चुगली केली म्हणून नव्हे. आधार, बँक खातं, आयकर खात्याची नोंद आणि जमिनीचा उतारा एकमेकांशी ताडून बघितले, एवढंच.

नियम काही गुंतागुंतीचे नाहीत. आदल्या वर्षी आयकर भरलेला, सरकारी नोकरीतला किंवा महिना दहा हजार वा त्याहून जास्त पेन्शन घेणारा (चतुर्थ श्रेणी सोडून), व्यवसाय करणारा डॉक्टर-वकील-इंजिनिअर, हे बसत नाहीत. नवरा, बायको आणि अज्ञान मुलं मिळून एक कुटुंब, म्हणून दोघांच्या नावावर जमीन असली तरी लाभ एकालाच. १ फेब्रुवारी २०१९ नंतर विकत घेतलेल्या जमिनीवर लाभ नाही. वारसाने आलेली असेल तर गोष्ट वेगळी. आणि म्हातारा वारल्यावरही त्याच्या खात्यातला हप्ता उचलत राहणं, हा तर सरळ गुन्ह्याचा रस्ता आहे.

आता कायदा काय म्हणतो ते बघू. ३० जून २०२४ पर्यंत जे ‘चारशेवीस’ होतं, ते १ जुलैपासून भारतीय न्याय संहितेचं कलम ३१८(४) झालं. आकडा बदलला, शिक्षा तीच : सात वर्षांपर्यंत कैद आणि दंड. फसवणुकीसाठी खोटा दाखला किंवा उतारा बनवला तर कलम ३३६(३), पुन्हा सात वर्षांपर्यंत. आणि तो कागद खोटा आहे हे ठाऊक असून खरा म्हणून जोडणारा, कलम ३४०(२) प्रमाणे, बनवणाऱ्याइतकाच दोषी. कायद्याने देणं बंधनकारक असलेली माहिती सरकारी नोकराला जाणूनबुजून खोटी दिली तरी कलम २१२ खाली सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा पाच हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही.

यात ‘जाणूनबुजून’ हा शब्द महत्त्वाचा आहे. गट नंबर चुकीचा पडला, नावात काना-मात्रा चुकली, याला कायदा लबाडी म्हणत नाही. पण चूक असली तरी हक्क नसलेले पैसे परत करावेच लागतात. नाही केले तर महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ मधला वसुलीचा मार्ग आहेच : आधी नोटीस, मग जंगम मालाची जप्ती, शेवटी जमिनीवर हात. दोन हजारांच्या हप्त्यापायी सात-बाऱ्यावर बोजा चढवून घ्यायचा का?

“सरकारचा पैसा, आपलं काय जातंय?” असं म्हणणाऱ्यांना एक आकडा सांगतो. २००८ च्या त्याच कर्जमाफीची तपासणी महालेखापरीक्षकांनी केली. त्यांच्या २०१३ च्या अहवालात, माफी मिळालेल्या ८०,२९९ तपासलेल्या खात्यांत साडेआठ टक्के अपात्र निघाले. आणि माफी न मिळालेल्या ज्या ९,३३४ खात्यांची पाहणी झाली, त्यातले १,२५७ जण पात्र असूनही वगळले गेले होते. एकीकडे नको त्याच्या ताटात पडलं, दुसरीकडे गरजवंत उपाशी राहिला. तो उपाशी राहिलेला तुमच्या-आमच्या बांधाला बांध असलेलाच कुणी असतो.

तेव्हा एवढं करा. अर्ज सेवा केंद्रातल्या पोराने भरला तरी सही-अंगठा तुमचा असतो. हमीपत्र आधी वाचून घ्या, वाचता येत नसेल तर वाचून घ्यायला लावा. कोऱ्या अर्जावर सही देऊ नका. “कमिशन द्या, बसवून देतो” म्हणणाऱ्याला दारातूनच वाटेला लावा. नोटीस येते तेव्हा तो गावात नसतो. आणि चुकून हप्ते आले असतील, तर नोटिशीची वाट न बघता तहसील कार्यालयात जाऊन परत करा, पावती घ्या आणि ती उताऱ्यासोबत जपून ठेवा. आपणहून पैसे परत करणाऱ्याच्या हेतूवर सहसा कुणी बोट ठेवत नाही.

आणि नोटीस चुकीची आली असेल, तर घाबरून गप्प बसू नका. मुदतीत लेखी खुलासा द्या. खरा हक्क आहे तिथे भांडायचं, आणि नाही तिथे हात लावायचा नाही. काट्यावर आपण हेच मागतो; अर्जावरही तेच माप ठेवू या.