देणे बेबाक झाल्यानंतर

परक्राम्य संलेख अधिनियमात १ एप्रिल १९८९ पासून कलम १३८ अमलात आले आणि धनादेश न वटणे, जो तोवर मुख्यतः दिवाणी दाव्याचा विषय होता, तो कैदेस पात्र असा गुन्हा ठरला. कागदाची पत राखण्याचा हेतू स्तुत्यच होता. परंतु शिक्षा झाल्यावर ऋणकोने पै न् पै चुकती केली आणि धनकोची तक्रार उरली नाही, तर तो कलंक कोणत्या आधारे पुसावा, याचे उत्तर त्या अधिनियमात नव्हते. ते २००२ च्या दुरुस्तीने दिले. जिने कैदेची कमाल मुदत एका वर्षावरून दोन वर्षांवर नेली, तिनेच कलम १४७ घालून हा गुन्हा तडजोडयोग्य केला, यात मला कायदेमंडळाचा विवेक दिसतो.

तडजोडीचा परिणाम केवळ शिक्षेतील सवलत नव्हे, तर निर्दोष मुक्तता असतो, हे अपिलात उभ्या असलेल्या माणसाला फार मोलाचे आहे. कारण दंड भरून माणूस मोकळा होतो, पण दोषसिद्धीचा शेरा त्याच्या नावापुढे राहतो. मात्र तडजोडीची पुरसीस अखेरच्या तारखेला दाखल करण्याची सवय जडली. म्हणून मे २०१० मध्ये, गोव्यातून आलेल्या एका प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाने विलंबाला मोल लावले : दंडाधिकाऱ्यांपुढे उशिरा आल्यास धनादेशाच्या रकमेच्या दहा टक्के, सत्र वा उच्च न्यायालयात पंधरा, सर्वोच्च न्यायालयात वीस, ही रक्कम फिर्यादीस नव्हे, विधिसेवा प्राधिकरणाकडे जाई. सप्टेंबर २०२५ मध्ये, पुन्हा गोव्यातल्याच एका खटल्यात, हे दर पाच, साडेसात आणि दहा टक्क्यांवर आले, आणि बचावाचा पुरावा नोंदला जाण्यापूर्वी समेट केल्यास काहीच भरावे लागू नये असे ठरले.

पण फिर्यादी संमतीच देत नसेल तर? एप्रिल २०२४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, रक्कम परत केली एवढ्यानेच फौजदारी दायित्व सरत नाही आणि संमतीची सक्तीही करता येत नाही. तथापि फिर्यादीची पुरेशी भरपाई झालेली पाहून संविधानाच्या अनुच्छेद १४२ खाली आरोपीविरुद्धची कार्यवाही रद्द केली. तो अधिकार खालच्या न्यायालयांना नाही.

तेव्हा ज्याचा चेक परत आला आहे, त्याने मागणीची नोटीस हाती पडल्यापासून पंधरा दिवसांत रक्कम भरावी. तेवढ्याने गुन्हाच पुरा होत नाही.