वीस सेकंदांचं गाणं

हात का धुवायचे, हे अडीच वर्षांच्या मुलाला समजावून सांगण्याचा फारसा उपयोग नसतो. जंतू डोळ्यांना दिसत नाहीत, पोट बिघडतं ते एक-दोन दिवसांनी, आणि आजच्या धुळीचा परवाच्या जुलाबाशी संबंध जोडणं या वयाच्या आवाक्याबाहेरचं आहे. तरीही घरात काय नि बालवाडीत काय, आपण सुरुवात करतो ती समजावण्यापासून, आणि ते जमलं नाही की धाक दाखवतो. गाणी-गोष्टी मात्र करमणुकीच्या खात्यात पडून राहतात. फार तर कडू औषध गिळवायला चमचाभर साखर असते, तसा त्यांचा वापर होतो. माझं म्हणणं याच्या बरोबर उलट आहे. एक ते पाच या वयात चांगली सवय लागण्याची मुख्य वाटच ताल आणि गोष्ट ही आहे. मात्र गाण्यात ‘स्वच्छ राहा’ असा उपदेश असतो म्हणून ते काम करतं, असं नाही. गाणं मुलाला कृतीचा क्रम देतं, ती किती वेळ करायची ते सांगतं, आणि आपल्या माणसाच्या सोबतीनं ती करायला लावतं. ही तीन कामं न करणारं गाणं कितीही गोड असलं तरी सवयीच्या दृष्टीनं कोरडंच.

हात धुण्याचंच बघू. साबण लावून किमान वीस सेकंद हात चोळावेत, असं आरोग्ययंत्रणा सांगतात. मुलाला वीस सेकंद म्हणजे काय ते कळत नाही, आणि खरं सांगायचं तर मोठ्यांनाही नीट कळत नाही; नळाखाली हात धरून आपण पाच-सहा सेकंदांत मोकळे होतो. आता आठ मात्रांची एक अशा चार ओळी घ्या. मिनिटाला नव्वद मात्रा या मध्यम चालीत बत्तीस मात्रांना एकवीस सेकंद लागतात. घड्याळाची गरजच उरली नाही. त्यापुढचा भाग अधिक महत्त्वाचा. पहिल्या ओळीत तळवे, दुसरीत पालथे हात, तिसरीत बोटांच्या बेचक्या, चौथीत अंगठे आणि नखं, असा क्रम शब्दांत बसवला, तर गाणं संपेपर्यंत हात पुरते धुऊन होतात. अंगठा आणि नखांच्या कडा हमखास राहून जातात, म्हणून त्यांना स्वतःची ओळ हवी. आपल्याकडच्या बहुतेक ‘स्वच्छतागीतां’त स्वच्छतेची थोरवी भरपूर आणि अंगठ्याचं नाव नाही. मुलाला थोरवी नको असते. आता पुढे काय करायचं, एवढंच त्याला हवं असतं.

यामागचं कारण लेव वायगोत्स्की आणि अलेक्झांडर लुरिया या रशियन मानसशास्त्रज्ञांनी फार पूर्वी दाखवलं. लहान मूल आधी दुसऱ्याच्या शब्दांनी चालतं, मग तेच शब्द स्वतःशी मोठ्यानं बोलत स्वतःला चालवतं, आणि शेवटी ते शब्द आत जातात. आईनं किंवा ताईनं गायलेल्या चार ओळी मूल उद्या एकटंच मोरीत उभं राहून पुटपुटतं, तेव्हा ही मधली पायरी चालू असते. ‘नीट धू’ ही सूचना आईच्या तोंडातच राहते, गाणं मात्र मुलाचं होतं.

संगीतानं मूल शांत होतं, हा अनुभव नवा नाही. पण त्याची मोजमापंही झाली आहेत. माँट्रियलमधल्या संशोधकांनी सहा ते नऊ महिन्यांच्या बाळांना अनोळखी तुर्की भाषेतलं गाणं ऐकवलं, तेव्हा ती साधारण नऊ मिनिटं न रडता राहिली; नुसतं बोलणं ऐकवलं तर त्याच्या निम्म्याच्या आसपास. शब्दांचा अर्थ इथे कामालाच आला नव्हता. कॅनडातल्याच मॅकमास्टर विद्यापीठातला २०१४चा प्रयोग अधिक बोलका आहे. चौदा महिन्यांच्या बाळांना कडेवर घेऊन तालावर झुलवलं. समोरची व्यक्तीही त्याच तालात झुलली असेल, तर नंतर तिच्या हातून पडलेली वस्तू उचलून द्यायला ही बाळं जास्त तत्पर असायची. जर्मनीत २०१० साली चार वर्षांच्या मुलांबाबतही असंच दिसलं: एकत्र गाणारी-वाजवणारी मुलं नंतर एकमेकांना जास्त सहकार्य करत होती. दात घासणं असो की नखं कापू देणं, या वयातली अडचण बहुधा अज्ञानाची नसते, सहकार्याची असते. तिथे ताल उपयोगी पडतो तो असा.

गोष्टीचं प्रकरण थोडं नाजूक आहे, कारण चुकीची गोष्ट काहीच न सांगण्यापेक्षा वाईट ठरू शकते. आपल्याकडे दात न घासणाऱ्या मुलाचे दात पडतात, न जेवणाऱ्याला बागुलबुवा नेतो, अशा गोष्टींचा साठा मोठा. टोरांटोच्या संशोधकांनी २०१४ साली तीन ते सात वर्षांच्या मुलांना खरेपणाच्या प्रसिद्ध गोष्टी सांगितल्या आणि नंतर त्यांचं वागणं पाहिलं. खोटं बोलल्याची शिक्षा दाखवणाऱ्या पिनोकिओच्या किंवा ‘लांडगा आला रे आला’च्या गोष्टीनं काही फरक पडला नाही. चूक कबूल केल्यावर वडिलांनी कौतुक केलेल्या छोट्या जॉर्ज वॉशिंग्टनच्या गोष्टीनंतर मात्र अधिक मुलं खरं बोलली. भीतीची गोष्ट मुलाला शिक्षेची आठवण देते. काय करायचं ते देत नाही. बागुलबुवा आता निवृत्त झाला तर कुणाचंच नुकसान नाही.

त्याच शहरातल्या दुसऱ्या एका अभ्यासात वाटून घेण्याची गोष्ट एकदा माणसांच्या चित्रांसह सांगितली आणि एकदा कपडे घातलेल्या प्राण्यांच्या चित्रांसह. माणसांची गोष्ट ऐकलेली मुलं अधिक उदार झाली, प्राण्यांची ऐकलेली झाली नाहीत. मग आपली चिमणी, कावळा, ससा सगळे रद्द करायचे का? मला तसं वाटत नाही. चिऊकाऊची गोष्ट नीट आठवून पाहा. पावसात भिजलेला कावळा दार ठोठावत असतो, आणि चिमणी त्याला थांबवत बाळाला न्हाऊ घालते, अंग पुसते, कपडे घालते, तीट लावते, निजवते. ही गोष्ट ऐकणाऱ्या बाळाची स्वतःचीच दिनचर्या आहे, तीही ठरलेल्या क्रमानं. पिढ्यान्‌पिढ्या आज्यांनी ती आंघोळीच्या आणि निजण्याच्या वेळीच सांगितली. पक्षी असूनही ती जवळची वाटते ती यामुळे. प्राणी ठेवावेत, पण त्यांनी मुलाच्याच मोरीत, मुलाच्याच ताटापाशी वावरावं. आणि तीच गोष्ट पुन्हा पुन्हा मागितली तर कंटाळू नये. ससेक्स विद्यापीठात तीन वर्षांच्या मुलांवर केलेल्या अभ्यासात वेगवेगळ्या गोष्टींपेक्षा एकच गोष्ट परत परत ऐकणारी मुलं नवे शब्द अधिक पक्के शिकली.

खाण्याच्या बाबतीत मात्र आपण गाण्या-गोष्टींचा सर्रास दुरुपयोग करतो. चिऊचा घास, काऊचा घास करत बाळाचं लक्ष दुसरीकडे वळवायचं आणि तोंड उघडलं की भात कोंबायचा. हल्ली चिऊकाऊच्या जागी मोबाइल आला, एवढाच फरक. लक्ष उडवून भरवलेल्या मुलाला आपलं पोट भरल्याची खूण ओळखता येत नाही. आग्रहाचा परिणामही उलटा होतो. अमेरिकेत बालवाडीतल्या मुलांमागे ‘सूप संपव’ असा सतत लकडा लावला, तेव्हा त्यांनी ते कमी प्यायलं आणि नावं जास्त ठेवली. इंग्लंडमधल्या रेडिंग विद्यापीठाची वाट वेगळी होती. दोन आठवडे, रोज पाच मिनिटं, पालकांनी चिमुकल्यांना एका अपरिचित भाजीचं चित्रपुस्तक दाखवलं: ती कुठे उगवते, बाजारात कशी दिसते, ताटात कशी येते. नंतर ती भाजी समोर आल्यावर मुलांनी ती चाखली आणि खाल्लीही जास्त. म्हणजे भोपळ्याची गोष्ट जेवणाच्या आधी, बाजारात किंवा भाजी चिरताना सांगावी. घास तोंडाशी धरून नव्हे. गाणं ताटावर बसण्याची खूण म्हणून असावं आणि जेवण सुरू झालं की थांबावं.

हे सगळं परदेशी प्रयोगशाळांतून आणायची गरज नव्हती. भावनगरच्या गिजुभाई बधेकांनी १९२०मध्ये बालमंदिर सुरू केलं आणि गोष्ट हे शिक्षणाचं साधन मानलं. त्यांच्या सहकारी ताराबाई मोडक यांनी १९४५ साली बोर्डीला ग्राम बाल शिक्षा केंद्र काढलं, अनुताई वाघ तिथे आल्या, आणि १९५७पासून कोसबाडच्या टेकडीवर वारली मुलांबरोबर काम उभं राहिलं. आंघोळ, केस विंचरणं, नखं कापणं हा त्या बालवाडीचा पाठ होता, आणि तो गाण्या-खेळांसोबत, पाड्यावरच्या अंगणात चालत होता. स्वच्छतेचा स्वतंत्र तास त्यांनी ठेवला नाही, हेच मला त्यातलं सर्वांत शहाणपणाचं वाटतं.

आता आक्षेप. पहिला असा की हे प्रयोग लहान आहेत, थोड्या मुलांवरचे, थोड्या दिवसांचे. खरं आहे. म्हणून प्रत्यक्ष गावांमधला एक पुरावा सांगतो. आंध्र प्रदेशातल्या चित्तूर जिल्ह्यात चौदा गावं निवडून त्यांतल्या सात गावांमध्ये ‘सुपर अम्मा’ ही मोहीम झाली. तिच्यात जंतूंची माहिती जवळजवळ नव्हती. मुलाला चांगलं वळण लावणाऱ्या आईची सचित्र गोष्ट, प्रहसनं, किळस आणि वात्सल्य या भावना, यांवर भर होता. सुरुवातीला मोक्याच्या वेळी साबणानं हात धुण्याचं प्रमाण दोन टक्क्यांच्या आत होतं. सहा महिन्यांनी मोहिमेच्या गावांत ते ३७ टक्के झालं, इतर गावांत ६ टक्केच राहिलं. रोख मुख्यतः आयांवर होता हे खरं. पण तान्ह्यांच्या सवयी आयांच्या हातूनच लागतात. ३७ म्हणजे शंभर नव्हे, हेही ध्यानात ठेवावं. गोष्ट चमत्कार करत नाही.

दुसरा आक्षेप, हे काम मोबाइलवरची बालगीतं करतातच की. दोन वर्षांखालचं मूल पडद्यावरून शिकतं ते समोरच्या माणसाकडून शिकण्यापेक्षा कितीतरी कमी. जागतिक आरोग्य संघटनेनं २०१९मध्ये दोन वर्षांखाली पडदा अजिबात नको आणि दोन ते चार वर्षांत दिवसाला तासाभराहून जास्त नको, असं सांगितलं. पडद्यावरचं गाणं मुलाचा अंगठा राहिला म्हणून थांबत नाही. बेसूर आजोबा थांबतात.

तिसरा आक्षेप सर्वांत खरा: वेळ आणि पाणी. महाराष्ट्रात एक लाखाहून अधिक अंगणवाड्या आहेत. तिथल्या सेविकेला वजनं, नोंदवह्या, मोबाइलवरची माहिती, आहारवाटप हे सगळं रेटावं लागतं. तिच्यावर आणखी एक उपक्रम लादणं अन्यायाचं होईल. पण खिचडीच्या आधी मुलांची रांग लागतेच. गाणं त्या रांगेत बसवता येतं, वेगळा वेळ लागत नाही. पाण्याचं मात्र गाण्यानं काही होत नाही. नळ कोरडा असेल आणि साबणाची वडी कपाटात कुलूपबंद असेल, तर ताईनं कितीही सुरेल गायलं तरी मुलं शिकणार ते एवढंच, की हे नुसतं म्हणायचं असतं.

म्हणून वाचकांना विनंती आहे. दिवाळीच्या सुट्टीत गावी जाल तेव्हा तिथली अंगणवाडी एकदा बघा. हात धुवायची जागा तीन वर्षांच्या मुलाच्या उंचीला आहे का, तिथे साबण आहे का आणि पाणी येतं का, एवढं पाहा. नसेल तर पुढच्या ग्रामसभेत तो विषय मांडा.